एकाच खेळाडूचे इतके संघ कसे? गोरान ड्रागिचच्या कारकिर्दीतून समजून घेऊया ‘ट्रेड’

फेब्रुवारी २०२५च्या पहिल्याच रात्री बास्केटबॉलच्या दुनियेत एक बातमी फुटली आणि ती देणाऱ्या पत्रकाराचं खातं हॅक झालं असावं, असं अनेकांना वाटलं. स्लोव्हेनियाचा लुका डोन्चिच, वय २५, डॅलस मॅव्हरिक्सचा सर्वांत मोठा खेळाडू. आठ महिन्यांपूर्वीच त्याने संघाला एनबीएच्या, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगच्या, अंतिम फेरीत नेलं होतं. त्या डोन्चिचला डॅलसने लॉस एंजेलिस लेकर्सकडे पाठवून दिलं होतं. बदल्यात मुख्यतः अँथनी डेव्हिस, मॅक्स क्रिस्टी आणि २०२९च्या निवडीतला एक हक्क. डोन्चिचला कोणी विचारलं नव्हतं. त्याने मागणीही केली नव्हती.

क्रिकेटवर वाढलेल्या आपल्यासारख्यांना इथे प्रश्न पडतात. कराराने बांधलेला माणूस असा कोणालाही कसा देऊन टाकता येतो? त्याने नकार दिला तर? आणि ज्या खेळाडूच्या नावापुढे सात-आठ संघ लागलेले असतात, तो वाईट खेळला म्हणून फिरत राहिला की चांगला खेळला म्हणून?

डोन्चिचच्या उदाहरणावरून हे कळणं अवघड, कारण ते टोकाचं आहे. त्यापेक्षा त्याच्याच देशाचा, त्याच्याहून तेरा वर्षांनी मोठा गोरान ड्रागिच घ्या. या धंद्यात खेळाडूच्या बाबतीत जे जे होऊ शकतं, ते जवळजवळ सगळं त्याच्या बाबतीत होऊन गेलं आहे.

आधी घर समजून घेऊ

ड्रागिचचा जन्म ६ मे १९८६चा, ल्युब्लियानाचा. तेव्हा ते शहर युगोस्लाव्हियात होतं. पाच वर्षांनी स्लोव्हेनिया स्वतंत्र झाला. सगळ्या देशाची लोकसंख्या २१ लाखांच्या आसपास, म्हणजे एकट्या नागपूर शहराहून कमी. बास्केटबॉलचं वेड जुनं आणि प्रशिक्षण पक्कं, पण एवढ्याशा देशात खेळाडूंना मोठे पगार देऊ शकतील असे क्लब असणार किती? त्यामुळे चांगला स्लोव्हेनियन खेळाडू विशीच्या आत-बाहेर देश सोडतो. हे तिथे गृहीतच धरलेलं असतं. डोन्चिच तर तेराव्या वर्षीच माद्रिदला गेला.

ड्रागिच आधी ल्युब्लियानातल्याच इलिरिया आणि स्लोव्हान या क्लबांकडून खेळला. २००६ मध्ये स्पेनच्या व्हितोरिया शहरातल्या ताऊ सेरामिका या तगड्या क्लबने त्याला करारबद्ध केलं. करार ताऊशी, पण पहिलं वर्ष तो खेळला मुर्सियाकडून आणि दुसरं मायदेशी, ओलिंपियाकडून. याला म्हणतात लोन. मोठ्या क्लबला खेळाडूत दम दिसतो, पण मुख्य संघात आज त्याला जागा नसते. मग छोट्या क्लबकडे पाठवून त्याला तयार होऊ द्यायचं. हक्क मात्र मोठ्या क्लबकडेच. २००८ मध्ये ओलिंपियाबरोबर तो देशाची लीग आणि चषक दोन्ही जिंकला.

आता यादी पाहा. बावीस वर्षांचा होईपर्यंत पाच क्लब झाले, आणि त्यातल्या एका क्लबसाठी, ज्याच्याशी खरा करार होता त्या ताऊसाठी, तो अजून खेळलाच नव्हता. नुसती नावं मोजून कारकीर्द कळत नाही, ती इथूनच.

युरोपात राजीनामा, अमेरिकेत बदली

युरोपातली पद्धत आपल्याला ओळखीची वाटेल. क्लब म्हणजे स्वतंत्र कंपनी. खेळाडू तिथे ठरावीक वर्षांसाठी नोकरी करतो. मुदत संपली की मोकळा. मुदतीआधी जायचं असेल तर करारात लिहिलेली किंवा बोलून ठरवलेली रक्कम क्लबला द्यायची. हा बायआउट. पण दुसऱ्या क्लबशी नवा करार झाल्याशिवाय तुम्ही तिथले होत नाही, आणि त्या करारावर सही तुमची लागते.

एनबीए ही तीस संघांची मिळून एकच व्यवस्था आहे. इथे डोळ्यांसमोर जिल्हा परिषदेचा शिक्षक आणा. त्याची नेमणूक, वेतनश्रेणी, सेवेची वर्षं सगळं तेच राहतं. आदेश निघतो आणि शाळा बदलते. एनबीएतला ट्रेड हा असाच बदलीचा आदेश असतो. दोन किंवा अधिक संघ आपसात खेळाडूंची अदलाबदल करतात आणि खेळाडूचा करार जसाच्या तसा, शेवटच्या डॉलरपर्यंत, नव्या संघाच्या गळ्यात पडतो. नवी सही नाही, नवी बोलणी नाहीत. फिनिक्सच्या वाळवंटातून मायामीच्या समुद्रावर जायचं असेल तरी विमानाचं तिकीट हातात पडायला एक दिवस पुरतो.

फरक एवढाच, की शिक्षकाच्या बदलीला निदान शाळेच्या सुट्ट्यांचा मुहूर्त असतो. इथे ट्रेडची अंतिम मुदत ऐन हंगामात, फेब्रुवारीत येते.

ज्यांनी निवडलं, त्यांच्याकडून एकही सामना नाही

एनबीएत नवीन खेळाडू येतात ते ड्राफ्टमधून. दरवर्षी उन्हाळ्यात संघ पाळीपाळीने नावं घेतात, दोन फेऱ्यांत, आणि ढोबळमानाने मागच्या हंगामात कमजोर ठरलेल्यांना आधी संधी. ज्याने नाव घेतलं त्याच्याकडे त्या खेळाडूशी करार करण्याचा हक्क येतो. हा हक्क विकता येतो, बदलता येतो. इतकंच काय, अजून न झालेल्या ड्राफ्टमधली आपली पाळीसुद्धा देऊन टाकता येते. डोन्चिचच्या व्यवहारातला ‘२०२९चा हक्क’ तो हाच. ज्याच्यासाठी तो वापरला जाईल तो मुलगा आज कुठे कुठल्या इयत्तेत असेल, कोणाला माहीत.

२००८ मध्ये ड्रागिचचं नाव ४५व्या क्रमांकावर घेतलं सॅन अँटोनियो स्पर्सने, आणि लगेच त्याचा हक्क फिनिक्स सन्सला देऊन टाकला. ताऊशी करार बाकी होता, त्यामुळे बायआउटचा हिशेब आला. त्यातला ठरावीक भागच एनबीए संघाला भरता येतो, उरलेला खेळाडूच्या खिशातून जातो. अमेरिकेत पाय ठेवण्याआधीच त्याच्या डोक्यावर हा खर्च होता.

दोन वर्षांनी, ७ मे २०१० रोजी, प्लेऑफच्या सामन्यात त्याने शेवटच्या बारा मिनिटांत २३ गुण ठोकले. समोर होते स्पर्स, त्यांच्याच मैदानावर. फिनिक्सने ती मालिका ४-० ने जिंकली. मला विचाराल तर त्याच्या अमेरिकेतल्या पंधरा हंगामांतली पंधरा मिनिटं पाहायची असतील तर हीच पाहावीत.

बदलीचा आदेश आणि मधली टाळेबंदी

पण एका रात्रीच्या २३ गुणांनी जागा पक्की होत नाही. पुढचा हंगाम ढेपाळला आणि फेब्रुवारी २०११ मध्ये फिनिक्सने त्याला, सोबत एक पहिल्या फेरीचा हक्क देऊन, ह्यूस्टनला पाठवलं आणि एरन ब्रुक्सला आणलं. सोबत हक्क द्यावा लागला, याचा अर्थ बाजारात त्या दिवशी ड्रागिचची एकट्याची किंमत ब्रुक्सएवढी धरली गेली नव्हती.

त्याच वर्षी मालक आणि खेळाडूंची संघटना यांच्यात पैशांच्या वाटणीवरून बिनसलं आणि मालकांनी जुलैपासून डिसेंबरपर्यंत लीगच बंद ठेवली. ही टाळेबंदी. पगार थांबले. ड्रागिचने काय केलं? व्हितोरियाच्या त्याच जुन्या क्लबकडून, जो आता काहा लाबोराल नावाने ओळखला जात होता, काही आठवडे खेळून घेतलं. मघाशी ज्याच्यासाठी तो खेळलाच नव्हता असं म्हटलं, तोच हा क्लब. लीग उघडली तसा तो परत गेला.

दोनदा त्याने स्वतः ठरवलं

एनबीएचा करार संपला की खेळाडू फ्री एजंट होतो, म्हणजे कोणाशीही बोलायला मोकळा. हे स्वातंत्र्य आपोआप मिळालेलं नाही. ऑस्कर रॉबर्टसन या दिग्गज खेळाडूच्या नावाने १९७० मध्ये खेळाडूंनी लीगवर खटला भरला. १९७६ मध्ये तडजोड झाली आणि दार किलकिलं झालं. करार संपल्यावर विनाअट कुठेही जाता येणं तर १९८८ मध्ये सुरू झालं. तसा पहिला खेळाडू टॉम चेंबर्स, आणि तो गेला फिनिक्सला.

ड्रागिचही २०१२च्या उन्हाळ्यात फ्री एजंट म्हणून फिनिक्सलाच परतला, ज्यांनी त्याला दीड वर्षापूर्वी घालवलं होतं त्यांच्याकडे. चार वर्षं, सुमारे तीन कोटी डॉलर. २०१३-१४ मध्ये सामन्यामागे २०.३ गुणांची सरासरी, ‘सर्वाधिक प्रगती केलेला खेळाडू’ हा पुरस्कार आणि वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूंचे जे तीन मानाचे संघ निवडले जातात त्यातल्या तिसऱ्यात स्थान. पण संघाने पुढच्या वर्षी आयझाया थॉमसलाही आणलं. एरिक ब्लेडसो आधीपासून होता. चेंडू पुढे नेऊन डाव रचणारे तिघे आणि चेंडू एक. ड्रागिचला कोपऱ्यात उभं राहावं लागू लागलं.

इथे करारातली एक खाच कामी आली. शेवटचं वर्ष खेळायचं की नाही हे ठरवण्याचा अधिकार त्याच्याकडे होता, म्हणजे २०१५च्या उन्हाळ्यात तो मोकळा होऊ शकत होता. त्याने व्यवस्थापनावर विश्वास उरला नाही असं उघड सांगितलं आणि कुठे जायला आवडेल तेही कळवलं. फिनिक्सला गणित सोपं होतं. आत्ता दिला तर काहीतरी मिळेल, उन्हाळ्यात गेला तर हात रिकामे. १९ फेब्रुवारी २०१५ रोजी तो मायामी हीटकडे गेला, आणि सोबत धाकटा भाऊ झोरानही, जो तेव्हा फिनिक्समध्येच होता. बदल्यांच्या नियमात पती-पत्नी एकत्रीकरण असतं, इथे भावांचं झालं. ते टिकलं मात्र पाच महिने. जुलैमध्ये मायामीने झोरानला बॉस्टनला पाठवलं, तिथून तो सुटला आणि युरोपात परतून मॉस्कोजवळचं खिम्की, मग मिलान, मग इस्तंबूल असा खेळत राहिला. गोरानने त्याच उन्हाळ्यात मायामीशी पाच वर्षांचा, सुमारे साडेआठ कोटी डॉलरचा करार केला.

एकदा सही त्याची, एकदा दबाव त्याचा. बाकीच्या बहुतेक ओळी दुसऱ्यांनी लिहिलेल्या आहेत.

खेळाडू नको, त्याचा पगार हवा

आता सर्वांत चक्रावणारा भाग. एनबीएत प्रत्येक संघाच्या एकूण पगारबिलाला मर्यादा असते. ती ओलांडण्याच्या वाटा आहेत, पण मर्यादेवर गेलेल्या संघाला ट्रेडमध्ये जेवढा पगार घ्यायचा, साधारण तेवढाच द्यावा लागतो. त्यामुळे कधीकधी खेळाडूची खरी उपयुक्तता त्याच्या कराराच्या आकड्यात असते.

२०२१ मध्ये मायामीला टोरंटोचा काइल लाउरी हवा होता. ड्रागिच तेव्हा ३५ वर्षांचा. त्याच्या पुढच्या वर्षाचा, १.९४ कोटी डॉलरचा करार चालू ठेवायचा की नाही, हे संघाच्या हातात होतं. संघाने तो चालू ठेवला आणि हाच पगार तराजूच्या दुसऱ्या पारड्यात टाकून त्याला टोरंटोला रवाना केलं. टोरंटो आपली पहिली पसंती नाही, असं तो मायदेशी माध्यमांसमोर बोलून बसला आणि मग त्याला माफी मागावी लागली. तिथे पाचच सामने खेळला. फेब्रुवारी २०२२ मध्ये टोरंटोने तोच पगार वापरून दुसरा खेळाडू आणला आणि ड्रागिचला पाठवलं सॅन अँटोनियोला.

म्हणजे १४ वर्षांनी तो पुन्हा स्पर्सचा झाला, आणि पुन्हा त्यांच्यासाठी एकही सामना न खेळता बाहेर पडला. या वेळी अमेरिकन पद्धतीचा बायआउट झाला. यात संघ आणि खेळाडू रक्कम ठरवून करार मोडतात. मग ब्रुकलिन. पुढच्या हंगामात शिकागो, किमान पगारावर. २८ फेब्रुवारी २०२३ रोजी शिकागोने त्याला मोकळं केलं. तारीख मुद्दाम सांगतोय, कारण १ मार्चनंतर सुटलेल्या खेळाडूला त्या वर्षी दुसऱ्या संघाकडून प्लेऑफ खेळता येत नाहीत. म्हाताऱ्या, अनुभवी खेळाडूंची फेब्रुवारीअखेर जी पळापळ दिसते ती याचसाठी. तो मिलवॉकीला गेला, अव्वल मानांकित संघाकडे. पहिल्याच फेरीत मिलवॉकी हरली, आणि हरवलं मायामीने.

‘हा माणसांचा बाजार नाही का?’

शंका रास्त आहे. पण दोन गोष्टी लक्षात घ्यायला हव्यात. एक, हे नियम मालकांनी एकतर्फी लादलेले नाहीत. खेळाडूंच्या संघटनेशी होणाऱ्या सामूहिक करारात ते ठरतात, आणि त्याच करारानुसार लीगच्या बास्केटबॉलमधल्या कमाईचा साधारण निम्मा वाटा खेळाडूंना मिळतो. दोन, करारातले पैसे बहुधा हमीचे असतात. दुखापत झाली, संघाबाहेर बसवलं, बदली झाली, तरी ते मिळतात. कुठे राहायचं यावरचा हक्क सोडून त्यांनी किती आणि नक्की मिळणार याची खात्री घेतली आहे. मला हा सौदा पूर्ण न्याय्य वाटत नाही, विशेषतः शाळकरी मुलं असलेल्या खेळाडूंच्या बाबतीत. पण तो डोळे उघडे ठेवून केलेला आहे.

‘मग नाही म्हणता येत नाही?’

आयपीएलमध्ये ट्रेडला खेळाडूची संमती लागते. एनबीएत सहसा लागत नाही. करारात नकाराचा हक्क लिहून घेता येतो, पण त्यासाठी लीगमध्ये आठ वर्षं आणि त्याच संघात चार वर्षं झालेली असावी लागतात, शिवाय संघाने तो द्यायला हवा. लेब्रॉन जेम्ससारख्या मोजक्यांकडे तो आला. डोन्चिच सहा वर्षं पूर्ण करून सातव्यात होता. त्यामुळे हा दरवाजा त्याच्यासाठी बंद होता, आणि डॅलसमध्ये राहिला असता तर ज्या सुमारे ३४.५ कोटी डॉलरच्या पाच वर्षांच्या कराराला तो पात्र ठरला असता, तोही एका रात्रीत गेला. तसा करार देण्याची मुभा लेकर्सना नव्हती.

‘एवढे संघ म्हणजे कुठेच टिकला नाही?’

४५व्या क्रमांकावर निवडलेल्यांपैकी बरेच जण एनबीएत स्थिरावतच नाहीत. ड्रागिच पंधरा हंगाम राहिला, २०१८ मध्ये निवडक खेळाडूंच्या ऑलस्टार सामन्यासाठी निवडला गेला, मायामीत सलग साडेसहा वर्षं होता. २०२० मध्ये मायामीला त्याने अंतिम फेरीत नेलं, आणि पहिल्याच सामन्यात डाव्या तळपायाखालची चिवट पट्टी (प्लांटर फॅशिया) फाटली. नंतर परतला तो थेट सहाव्या, शेवटच्या सामन्यात.

आणि जिथे बदलीचा आदेश चालत नाही, त्या राष्ट्रीय संघाचं काय? सप्टेंबर २०१७, इस्तंबूल, युरोपियन स्पर्धेचा अंतिम सामना, समोर सर्बिया. स्लोव्हेनियाला या स्पर्धेत तोवर एकही पदक नव्हतं. प्रशिक्षक इगोर कोकोश्कोव्ह हे फिनिक्समध्ये ड्रागिचच्या सुरुवातीच्या वर्षांत सहायक होते, त्यामुळे भटकंतीतून जोडलेली माणसं कशी उपयोगी पडतात तेही दिसलं. अठरा वर्षांचा डोन्चिच तिसऱ्या सत्रात घोटा दुखावून बाहेर बसला. ड्रागिचने एकट्याने ३५ गुण केले. निकाल ९३-८५, स्पर्धेत नऊपैकी नऊ विजय, आणि सर्वोत्तम खेळाडूही तोच.

‘त्यापेक्षा युरोपची पद्धत बरी ना?’

सहीचा मान तिथे आहे हे खरं. पण तिथे क्लब पगार थकवतात, मधेच दिवाळखोरीत जातात. हे इतकं नित्याचं, की खेळाडू आणि क्लब यांच्यातले तंटे सोडवायला जागतिक महासंघाने २००७ मध्ये खास लवाद नेमला. शिवाय बरेच करार एक-दोन वर्षांचे, त्यामुळे तिथले खेळाडूही फिरतातच. झोरानची यादी पाहिली तर ती थोरल्यापेक्षा लहान नाही. फक्त तिथे प्रत्येक थांब्यावर त्याची स्वतःची सही आहे.

ट्रेड संपतो कधी?

गोरान ड्रागिचने डिसेंबर २०२३ मध्ये निवृत्ती जाहीर केली. ऑगस्ट २०२४ मध्ये ल्युब्लियानात निरोपाचा सामना झाला, डोन्चिच आणि सर्बियाचा निकोला योकिच दोघेही खेळायला आले. पण त्याच्या २०१५च्या बदलीचे कागद अजून फिरतच आहेत. मायामीने त्या वेळी फिनिक्सला पहिल्या फेरीचे दोन हक्क दिले होते. २०१८च्या ड्राफ्टच्या रात्री फिलाडेल्फियाने मिकाल ब्रिजेस या मुलाचं नाव घेतलं. त्याची आई त्या संघाच्या मालक कंपनीत नोकरीला, त्यामुळे घरी आनंदीआनंद. थोड्याच वेळात फिनिक्सने ते दोन्ही हक्क वापरून ब्रिजेसला स्वतःकडे ओढलं. २०२१ मध्ये तो फिनिक्ससाठी अंतिम फेरी खेळला. २०२३ मध्ये फिनिक्सने त्याला इतरांसह देऊन केविन ड्युरंटला आणलं. २०२५च्या उन्हाळ्यात ड्युरंट ह्यूस्टनला गेला आणि बदल्यात जेलन ग्रीन, डिलन ब्रुक्स वगैरे मंडळी फिनिक्सला आली. मायामीच्या त्या दोन हक्कांतला दुसरा, २०२१चा, तर फिलाडेल्फियाकडून लॉस एंजेलिस क्लिपर्स आणि तिथून ओक्लाहोमा सिटी असा फिरला, आणि त्यावर अखेर १८व्या क्रमांकाने निवडला गेला तो ट्रे मॅन. ड्रागिच फिनिक्सला पहिल्यांदा आला तेव्हा हा मुलगा सात वर्षांचा होता.